स्टुटगार्टमधला शेवंतीचा हार

या लेखासोबत फोटो नाही. संपादकांनी दोनदा मागितला. "ताई, जर्मनीचा प्रवास आणि एकही फोटो नाही, वाचक काय म्हणतील?" असं ते फोनवर म्हणाले. उतारावरच्या द्राक्षमळ्यांचा किंवा भावाच्या घराचा फोटो मी देऊ शकले असते. पण त्यांना हवं होतं एका सिनेमाचं पोस्टर आणि त्यातल्या मुख्य नटीचं नाव. ती दोन्ही मी देणार नाही. का देणार नाही, ते सांगायलाच लिहायला बसले आहे. जाताना मला वाटलं नव्हतं की जर्मनीहून मी राग घेऊन येईन. नेल्या होत्या चकल्या आणि शंकरपाळे.

त्सुफेनहाउझेन, पहिला रविवार

आम्ही मेहकरचे फुलारी. बालाजीच्या देवळासमोर वडिलांची फुलांची गाडी होती. पहाटे उठून हार ओवायचे आणि मग शाळेत जायचं, हे मी दहावीपर्यंत केलं. घरात पदवी घेतलेली मी पहिली. आता गावातल्याच एका शाळेत इंग्रजी शिकवते. माझ्या मागून शिकलेला धाकटा भाऊ सचिन स्टुटगार्टच्या त्सुफेनहाउझेन भागात राहतो, गाड्यांच्या कारखान्यात इंजिनिअर आहे. त्याची बायको अश्विनी पुण्याची, सॉफ्टवेअरमध्ये काम करते. दोघांनी मला दिवाळीच्या सुट्टीत हौसेने बोलावून घेतलं, विमानात खिडकीची जागा घेऊन दिली. त्यांचे उपकार मी आधीच लिहून ठेवते, कारण पुढे त्यांनाही थोडं बोलणार आहे.

पहिल्याच रविवारी माझ्या हातून गुन्हा घडला. स्वयंपाकघरात रिकाम्या बाटल्या साठल्या होत्या. कोपऱ्यावर काचेचा कचरा टाकायची मोठी पेटी आहे हे सचिनने दाखवलं होतं. मी उत्साहाने पिशवी घेऊन गेले आणि एकेक बाटली आत सोडली. तिसरी बाटली फुटली तोच वरच्या मजल्यावरच्या फ्राउ हेबर्ले, म्हणजे हेबर्लेबाई, सपाता घालूनच रस्त्यावर आल्या. सत्तरीच्या, पांढऱ्या केसांच्या. त्या काय बोलल्या ते कळलं नाही, पण सूर आमच्या मुख्याध्यापकांचाच होता.

"ताई, रविवारी आवाज करायचा नाही," अश्विनीने नंतर समजावलं. "बाटल्या नाही, ड्रिल नाही, काही नाही. इथे नियम म्हणजे गेनाऊ, अगदी तस्साच पाळायचा."

दुसरा नियम शेजारच्या दारावरच लटकत होता. दोरी लावलेली लाकडी पाटी. ज्याच्या दाराला ती पाटी, त्याची त्या आठवड्यात जिना झाडायची आणि पुसायची पाळी. आठवडा संपला की पाटी शेजाऱ्याच्या दाराला अडकवायची. पाटीवर तेच लिहिलेलं असतं, केरवोखं. "केर काढायचा आठवडा. लक्षात ठेवायला सोपं आहे," सचिन म्हणाला. त्यांची पाळी पुढच्या आठवड्यात होती. तरी फ्राउ हेबर्ले एकदा कठड्यावरून बोट फिरवून बघून गेल्या.

मला हे फार आवडलं. आमच्या गावात नगरपालिकेचा ठराव कोणी पाळत नाही आणि इथे एका लाकडी पाटीला सगळी इमारत मानते. मी वहीत लिहिलं, "सांगितलेलं ऐकणारे लोक." ते वाक्य मी नंतर खोडलं.

गुरुवार, डोरीन आँटी जेवायला आल्या

अश्विनी एका सिनेमा महोत्सवाच्या समितीत हौसेने काम करते. जुन्या मालधक्क्याच्या शेडमध्ये चार दिवस जगभरचे लहान लहान सिनेमे दाखवतात. त्यात शुक्रवारी ऑस्ट्रेलियाच्या मूळ रहिवासी बायकांनी स्वतः उभा केलेला एक सिनेमा होता. त्यातली एक नटी, डोरीन, सिनेमासोबत आली होती, आणि तिला एक वेळ घरचं जेवण मिळावं म्हणून अश्विनीने बोलावलं होतं.

साठीची, जाडजूड, मोठ्याने हसणारी बाई. दारातच म्हणाली, "मला डोरीन आँटी म्हणा. इथले लोक मला सारखे मिसेस अमुक म्हणतात, मला वाटतं माझी सासूच मागे उभी आहे."

माझं इंग्रजी पाठ्यपुस्तकातलं, तिचं तिच्या गावचं. पण जमलं. चकली तिने तीनदा घेतली. "ही वेटोळी करायला किती वर्षं लागतात?" तिने विचारलं. मी म्हटलं, सोऱ्या असतो. "मग त्यात कसलं कौतुक!" म्हणाली आणि चौथी उचलली.

सिनेमाची गोष्ट तिने जेवताना सांगितली. तीन बायका. एक तुरुंगातून सुटलेली, एक मारणाऱ्या नवऱ्याच्या घरातून निघालेली, एक अशी की जिची मुलं सरकारने काढून दुसऱ्यांकडे दिली आहेत. तिघी मिळून हमरस्त्यावरची बंद पडलेली खानावळ झाडून पुसून पुन्हा सुरू करतात. मुलं गेलेल्या बाईचं काम डोरीन आँटींच्या धाकट्या बहिणीने केलं होतं. सिनेमा पुरा झाल्यावर काही महिन्यांनी ती वारली.

माहितीपत्रकात मी तिचं नाव वाचलं होतं. आपल्याकडची रीत म्हणून मी ते नाव घेतलं आणि म्हटलं, "यांच्या आत्म्याला शांती मिळो."

डोरीन आँटींनी चमचा खाली ठेवला. मग म्हणाल्या, "हे लोणचं कसलं आहे?"

मला वाटलं दुःख ताजं आहे. मी पुन्हा एकदा ते नाव घेऊन विषय बदलला. दोनदा घेतलं मी ते नाव, आमच्याच घरात जेवायला बसलेल्या बाईसमोर.

शुक्रवार

सकाळी अश्विनी म्हणाली, "ताई, शेडच्या दारात त्यांच्या बहिणीचा मोठा फोटो लावलाय. राइनर विचारत होता, तुमच्याकडे फुलांचं काही करतात ना?" राइनर हा महोत्सवाचा प्रमुख.

फुलाऱ्याच्या मुलीला याहून जास्त काय सांगायचं? ऑक्टोबरमध्ये तिकडे दुकानादुकानात शेवंतीच्या कुंड्या असतात. फुलवालीने विचारलं, कबरीसाठी का? अश्विनीने हो-नाही असं काहीतरी सांगितलं. पिवळी आणि पांढरी शेवंती घेतली. मरव्याच्या जागी रोझमेरी. ओवायला केळीचा सोप नव्हता, जाड दोरा भिजवून घेतला. स्वयंपाकघरातल्या टेबलाशी तीन तास बसून मी हार ओवला. इतका भरदार हार मी वडील गेल्यावरही केला नव्हता, तेव्हा माझे हात लहान होते. ज्या बाईने मुलं परत मिळवण्यासाठी झगडणाऱ्या आईचं काम केलं, तिला मेहकरचा नमस्कार पोचावा एवढंच मनात होतं.

दुपारी शेडमध्ये जाऊन फोटोला हार घातला. राइनर आला. उंच, गळ्यात मफलर, वागायला फार गोड. दोन्ही हात छातीशी धरून म्हणाला, "वुंडरबार! किती अस्सल!" मी मोबाइलवर फोटो काढला आणि आईला पाठवला. आईचं लगेच उत्तर आलं, बोललेलं: "रत्ना, हार तुझ्या बापासारखा झालाय गं!"

संध्याकाळी लोक जमायला लागले. सहाच्या सुमारास डोरीन आँटी आल्या. दारातून दोन पावलं आत टाकली, समोर फोटो दिसला, आणि त्यांनी मान एकदम बाजूला केली, तोंडावर कोणी हात उगारावा तशी. वळल्या आणि बाहेर गेल्या.

मला वाटलं भरून आलं असेल. मी पाण्याची बाटली घेऊन मागे गेले. ट्रामच्या थांब्यावरच्या बाकावर त्या बसल्या होत्या.

"हार कुणी केला?" त्यांनी विचारलं.

"मी," मी म्हटलं. अजूनही मी शाबासकीची वाट बघत होते, हे लिहायला लाज वाटते.

"सुंदर आहे," त्या म्हणाल्या. "आता ऐक. आमच्या घरात माणूस गेलं की त्याचं नाव घ्यायचं नसतं. फोटो दाखवायचा नसतो. किती दिवस, ते घरचे ठरवतात. आमच्या सगळ्याच लोकांत अगदी असंच असतं असं नाही, पण आमच्या घरात आहे. माझी आई अजून आहे. मुलगी गेली तेव्हा ती म्हणाली, सिनेमा पेटीत ठेवून द्या. मी तिच्या पाया पडले. म्हटलं, आई, तिने जीव ओतून काम केलंय, सिनेमा जाऊ दे. आईने तीन अटी घातल्या. सिनेमाच्या आधी सूचनेची पाटी दाखवायची, की यात आता हयात नसलेली व्यक्ती दिसेल. फोटो कुठे लावायचा नाही. नाव कुणी घ्यायचं नाही. मी शब्द दिला. शब्द मोडला तर सिनेमा पुढे जाणार नाही. पुढच्या आठवड्यात तो हॅम्बर्गला जायचा आहे."

"पण हे यांना माहीत नव्हतं का?"

"तीन आठवड्यांपूर्वी लिहून कळवलंय. राइनरचं उत्तरही आलं, की आम्ही तुमच्या संस्कृतीचा मनापासून आदर करतो."

"आणि काल मी जेवताना..."

"मला वाटलं, तुला सांगितलं असेल आणि तू विसरलीस. तुझ्या घरचं खात होते बाई मी. खाता खाता घरच्यांना शिकवायचं नसतं."

मी सातवीत असताना वडील गेले. दाखल्यासाठी आई मला घेऊन कचेरीत गेली. कारकून म्हणाला, "मयताचं नाव?" आई गप्प. आमच्याकडे जुन्या बायका नवऱ्याचं नाव घेत नसत. "बाई, नाव सांगा, नाहीतर उद्या या." आईने माझ्याकडे बघितलं आणि मी नाव सांगितलं. कारकून शेजारच्याला म्हणाला, "नवरा मेला तरी लाज संपत नाही यांची." दोघे हसले. तो हसण्याचा आवाज मला अजून ओळखता येतो. आणि अशा आईची मुलगी असून, समोरची बाई नाव ऐकून चमचा खाली ठेवते याचा अर्थ मला कळला नाही.

मी तशीच आत गेले. राइनर दारातच पाहुण्यांशी हात मिळवत होता.

"हा फोटो काढा," मी म्हटलं.

"का? हा तर सन्मान आहे."

"तिच्या घरच्यांनी नको म्हणून कळवलंय ना?"

"हो, कळवलं होतं. पण पोस्टरं आधीच छापून झाली होती. आणि खरं सांगू? हा चेहराच लोकांना आत आणतो."

"आणि सूचनेची पाटी?"

"ती ऑस्ट्रेलियातल्या मूळ रहिवासी प्रेक्षकांसाठी असते. इथे सभागृहात तसं कोण आहे?" त्याने खरोखरच हात पसरून सभागृह दाखवलं.

"ती बाहेर बाकावर बसली आहे," मी म्हटलं.

सचिन माझ्या कोपराला धरून म्हणाला, "ताई, आल्झो, हे बघ, शांत हो. अश्विनी समितीत आहे. तमाशा नको."

आजवर सचिनला मी कधी मोठ्याने बोलले नव्हते. त्या दिवशी बोलले. "रविवारी मी एक बाटली फोडली तर तुम्ही दोघांनी शेजारणीची दोनदा माफी मागितलीत. तो नियम, आणि हा काय?"

सचिनने माझं कोपर सोडलं. अश्विनी मात्र इतका वेळ भिंतीशी उभी होती, ती पुढे आली. "मला ती मेल कुणी दाखवली नाही, राइनर," ती म्हणाली, आधी इंग्रजीत, मग जर्मनमध्ये. मी हार उतरवला. तिने फोटोची चौकट उचलली, भिंतीकडे तोंड करून ठेवली आणि वरून स्वतःचा कोट टाकला. राइनर म्हणाला, ही संस्थेची मालमत्ता आहे. अश्विनी म्हणाली, "मालमत्ता सुखरूप आहे."

पाटीचं काय, ते विचारायला आम्ही वर यंत्राच्या खोलीत गेलो. तिथे एक मुलगी कानात बोळे घालून बसली होती. तिला कशाचीच कल्पना नव्हती. "सिनेमा अख्खाच आहे माझ्याकडे," ती म्हणाली. "मला सांगितलं होतं, सुरुवातीचं सोडून लाव. शून्यापासून लावते. वीस सेकंदं तर आहेत."

वीस सेकंदं! त्यासाठी साठ वर्षांची बाई थंडीत ट्रामच्या थांब्यावर बसली होती.

मी डोरीन आँटींना आत घेऊन आले. त्या शेवटच्या रांगेत बसल्या. मला वाटलं, सावरलं सगळं. तेवढ्यात राइनर मंचावर गेला. हसतमुखाने म्हणाला की आज एक छोटा वाद झाला, पण कलेला मृत्यू नसतो. आणि ध्वनिक्षेपकातून त्याने त्या बाईचं पूर्ण नाव घेतलं, सावकाश, एकेक अक्षर तोंडात घोळवत. लोकांनी टाळ्या वाजवल्या. उभं राहून वाजवल्या. त्या टाळ्या चालू असतानाच डोरीन आँटी उठल्या.

मीही उठले. त्यांनी मला खांदा दाबून बसवलं. "तू सिनेमा बघ. तो बघण्यासाठीच केलाय. मी बाहेर आहे."

म्हणून मी तो बघितला. ती कशी दिसते ते मी लिहिणार नाही, काय करते ते लिहिते. मुलं परत द्यायची की नाही हे ठरवायला सरकारी बाई येणार असते, तर ती खानावळीच्या आरशासमोर उभी राहून सालसपणे हसायची तालीम करते. हसू जमत नाही. मग ती आरसा काढून भिंतीकडे वळवून ठेवते आणि फरशी पुसायला लागते. पहिल्या दिवशी एकही गिऱ्हाईक येत नाही. तिघी स्वतःच गिऱ्हाईक होऊन टेबलाशी बसतात, एकमेकींच्या स्वयंपाकाला नावं ठेवतात आणि पोट धरून हसतात. मुलं परत मिळाली का, ते सिनेमा सांगत नाही. टेबलावर तीन लहान ताटं मांडलेली दिसतात, एवढंच.

संपल्यावर राइनर म्हणाला की आदरणीय पाहुण्या भावनावश झाल्यामुळे प्रश्नोत्तरं होणार नाहीत. भावनावश! आमच्याकडेही असंच असतं. पाहुणे आले की आश्रमशाळेतल्या मुलींना पिसं लावून नाचायला आणतो, नको म्हणाल्या तर म्हणतो लाजतात. त्या आणणाऱ्यांत मीही दोन वेळा होते. तेव्हा मला कोणी ट्रामच्या थांब्यावर बसवून सांगितलं नाही, आणि मी विचारलंही नाही.

शनिवार

सकाळी जाग आली ती धसकूनच. आईला पाठवलेला फोटो! फोन उघडून बघते तर आईने तो स्टेटसला लावलेला, खाली फुलांची चित्रं. फुलारी गल्ली, माहेर, देवळातले गुरव, सगळ्यांनी बघून झालेला.

फोन केला. "आई, तो फोटो काढ. त्या बाईच्या घरच्यांना चालत नाही. गेलेल्या माणसाचा फोटो दाखवत नाहीत आणि नावही घेत नाहीत त्यांच्यात."

"नाव घेत नाहीत?"

"नाही."

"बरं," आई म्हणाली. दोन मिनिटांनी तिचाच फोन आला. "काढला. शेजारच्या सुनेकडून पुसूनच टाकला फोनातून. मामाकडे गेला होता, त्याला सांगितलं, तूही पूस. तो म्हणाला का, मी म्हटलं बायकांचं असतं ते, तू पूस. तूही पुसलास ना?"

मी तिच्यासमोर, म्हणजे फोन चालू असतानाच, पुसला. माझ्या हातचा सगळ्यात चांगला हार त्यात होता.

"आणि तिच्या आईला कळव," आई म्हणाली, "की मेहकरात होता तेवढा काढला म्हणून."

आई तिसरीपर्यंत शिकली आहे. राइनरकडे भिंतीवर टांगून ठेवलेल्या पदव्या आहेत, आणि त्याला तीन आठवडे पुरले नाहीत.

डोरीन आँटींना भेटायला आम्ही त्यांच्या खोलीवर गेलो. त्यांनी पहाटेच घरी फोन केला होता. म्हातारीला सगळं खरं सांगितलं: फोटो, हार, नाव, टाळ्या. ती म्हणाली, सिनेमा घरी घेऊन ये. हॅम्बर्ग नाही. पुढे कधी, ते मी सांगेन, मी असले तर.

"शब्द मी दिला होता," डोरीन आँटी म्हणाल्या. "तो दुसऱ्यांच्या हातात होता, पण दिला होता मीच." गुरुवारचं ते मोठं हसू कुठे दिसत नव्हतं. त्या तीन बायकांची खानावळ आता पेटीत बंद होणार होती, आणि राइनरने लगेच कळवलं होतं की हॅम्बर्गच्या लोकांची फार गैरसोय होईल.

मी हार सोबत नेला होता. टाकायचा कसा कळत नव्हतं. त्यांनी तो हातात घेतला, दोऱ्याची गाठ शोधली आणि एकेक फूल मोकळं करून ओटीत घेतलं. मीही दुसऱ्या टोकाने सोडवत बसले. जो हार ओवायला तीन तास लागले तो सोडवायला काहीच वेळ लागला नाही. फुलांतली रोझमेरी त्यांनी हुंगली. मग मी आईचा निरोप सांगितला.

"दोन मिनिटांत?" त्यांनी विचारलं.

"दोन मिनिटांत. मामालाही दम दिला."

तेव्हा मात्र त्या हसल्या. "पुढच्या वर्षी महोत्सव तुझ्या आईला चालवायला द्या," म्हणाल्या.

सोमवार, निघताना

विमानतळावर जाण्याआधी अश्विनी म्हणाली, "ताई, शेडवरून जाऊ." तिने समितीचा राजीनामा रविवारीच पाठवला होता. सचिन सामान घेऊन पुढे गेला. जाताना मला म्हणाला, "शुक्रवारी मी तुला गप्प करत होतो, ताई." एवढंच म्हणाला, पुरे झालं.

महोत्सव संपला होता. शेड बंद होती. दारावर पोस्टर तसंच होतं, तोच चेहरा, खाली तेच नाव. आत काचेपलीकडे राइनर फोनवर बोलत होता. आम्हाला बघून त्याने हात हलवला.

अश्विनीने पिशवीतून घराच्या दारावरची लाकडी पाटी काढली.

"अगं, फ्राउ हेबर्ले!" मी म्हटलं.

"त्यांना विचारूनच आणलीय. सगळं सांगितलं त्यांना. त्या म्हणाल्या, ज्याने केर काढला नाही त्याच्या दारालाच लावायची असते."

तिने पाटीची दोरी पोस्टर ज्या खिळ्याला होतं त्याच खिळ्यात अडकवली. पाटी लहान होती, पण चेहरा नेमका झाकला गेला. राइनर फोन कानाला लावूनच दारापर्यंत आला, पाटी वाचली आणि तिथेच उभा राहिला. तो स्टुटगार्टचाच आहे. त्या पाटीचा अर्थ आम्हाला त्याला सांगावा लागला नाही.